गोळ्यांची सागोती: कोंबडीच्या रश्शात खिम्याचे गोळे न फुटता कसे शिजवायचे

उकळत्या सागोतीत खिम्याचे गोळे सोडले आणि पाच मिनिटांत टोपात गाळ उरला, की दोष अंड्याला नाहीतर बेसनाला दिला जातो. पुढच्या खेपेला अंडी दोन आणि बेसन मूठभर. गोळा मग फुटत नाही, पण खाताना कोंबडीऐवजी पिठाची चव लागते आणि रस्सा शिरतच नाही. खरं तर खिम्याला बाहेरून बांधायची फारशी गरज नसते. मीठ, गारवा आणि मळणं या तीन गोष्टी नीट झाल्या की खिमा स्वतःच धरून राहतो. रश्शाचंही तसंच आहे. त्याला दाटपणा पिठाने आणायचा नसतो, तो हाडांतून आणि वाटपातून, म्हणजे भाजलेल्या खोबरं-कांद्याच्या वाटणातून येतो.

हे प्रमाण सहा जणांना पोटभर पुरतं. वेळ सव्वादोन तास धरा. गावठी कोंबडी असेल तर आणखी तासभर. चमचा म्हटलं की चहाचा, ५ मिलीचा. मोठा चमचा म्हटलं की १५ मिलीचा.

कोंबडी कशी घ्यायची

दुकानात जाऊन एक किलो कोंबडी आणि अर्धा किलो तयार खिमा घेण्यापेक्षा एकच मोठी ब्रॉयलर घ्या, साफ करून साधारण दीड किलो भरेल अशी. कातडी काढायला सांगा. छातीचं दोन्ही बाजूंचं मांस हाडापासून सोडवून घ्या, ते ४०० ग्रॅमच्या आसपास निघतं. त्यात मांडीचं १०० ग्रॅम मांस घाला, म्हणजे खिम्याचे ५०० ग्रॅम झाले. नुसत्या छातीचा खिमा कोरडा होतो, कारण तिथे चरबी जवळपास नसतेच. मांडीचं मांस चरबीचं आणि रसाळ असतं. पाचात एक वाटा मांडीचा घातला तरी गोळ्याचा पोत बदलतो.

उरलेल्यातले तंगड्या, मांड्या आणि पंख यांचे मध्यम तुकडे करून घ्या. पाठ, मान, छातीचा पिंजरा आणि पंखांची टोकं मात्र वेगळ्या पिशवीत मागून घ्या. बरीच माणसं हीच हाडं दुकानात टाकून येतात आणि मग रस्सा पाणचट झाला म्हणतात. कलेजी-पेटा आवडत असेल तर तोही घ्या, पण हाडांच्या पाण्यात कलेजी घालू नका. पाणी गढूळ होतं आणि कडवटपणा येतो.

गावठी कोंबडी मिळाली तर रश्शाला तिच्यासारखी चव नाही. पण तिचा खिमा करू नका. तिचं मांस दोऱ्यासारखं चिवट असतं आणि गोळ्याला शिजायला मिळतात जेमतेम बारा मिनिटं. तेवढ्यात ते मऊ होत नाही. रस्सा गावठीचा आणि गोळे ब्रॉयलरचे, ही जोडी उत्तम जमते.

खिमा घरी सुरीने बारीक कापून केलेला सगळ्यात चांगला, कारण मांस दबत नाही आणि रस आत राहतो. त्याला वीस मिनिटं लागतात. मिक्सरमध्ये करायचा असेल तर मांसाचे तुकडे अर्धा तास फ्रीजरमध्ये ठेवा, कडा कडक झाल्या पाहिजेत. मग थोडेथोडे घालून तीन-चार झटके द्या. मिक्सर सलग फिरवला की मांस तापतं, त्याची पेस्ट होते, आणि त्या पेस्टचे गोळे रबरासारखे लागतात. दुकानातल्या यंत्रातून काढून घेत असाल तर जाड जाळीतून एकदाच काढायला सांगा. खिमा धुवायचा नाही. धुतलेल्या खिम्यात शिरलेलं पाणी रश्शात गेल्यावर बाहेर येतं आणि गोळा फोडतं.

लागणारं सामान

गोळ्यांसाठी: ५०० ग्रॅम खिमा, बारीक मीठ सव्वा चमचा (सुमारे साडेसात ग्रॅम), एक मध्यम कांदा, लसणाच्या ८ पाकळ्या, इंचभर आलं, ३ हिरव्या मिरच्या, मूठभर कोथिंबीर, मालवणी मसाला २ चमचे, हळद पाव चमचा, पंढरपुरी डाळ्याचं पीठ २ मोठे चमचे, भाजून कुटलेलं सुकं खोबरं १ मोठा चमचा, तेल १ मोठा चमचा.

रश्शासाठी: हाडं आणि कोंबडीचे तुकडे, दोन मध्यम बटाटे, मालवणी मसाला ३ मोठे चमचे, हळद अर्धा चमचा, तेल ४ मोठे चमचे, दोन तमालपत्रं, फोडणीला एक कांदा, आलं-लसूण-मिरची-कोथिंबिरीचं हिरवं वाटण २ मोठे चमचे, आणि मीठ.

वाटपासाठी: एक नारळ, सुकं खोबरं ६० ग्रॅम, तीन मोठे कांदे, लसणाच्या ८ पाकळ्या, धणे १ मोठा चमचा, बडीशेप १ चमचा, खसखस १ चमचा, लवंगा ४, मिरी ६, दालचिनीचा इंचभर तुकडा.

मालवणी मसाल्याबद्दल एक सांगायला हवं. एप्रिल-मे महिन्यांत वर्षाचा मसाला कुटला जातो तेव्हा घरोघरचं प्रमाण वेगळं असतं. बेडगी मिरची जास्त असेल तर रंग भरपूर आणि तिखटपणा बेताचा. संकेश्वरी किंवा लवंगी जास्त असेल तर उलट. म्हणून नव्या डब्यातला मसाला असेल तर रश्शाला आधी दोनच मोठे चमचे घाला. मसाल्यात बडीशेप, दगडफूल, बादयान (चक्रीफूल) हे सगळं आधीच असतं, तेव्हा वरून आणखी गरम मसाला घालायची गरज नाही. आणि तिरफळं बांगड्यासाठी राहू द्या. कोंबडीत ती बाकी सगळ्या वासांवर मात करतात.

आधी हाडं चुलीवर

कोंबडीच्या तुकड्यांना हिरवं वाटण, हळद आणि दीड चमचा मीठ चोळून बाजूला ठेवा. अर्धा तास पुरतो. लिंबू किंवा दही लावू नका, या रश्शाला त्याची गरज नाही.

आता हाडं एका टोपात घ्या आणि पावणेदोन लिटर गार पाणी घाला. गार पाणीच. उकळत्या पाण्यात टाकली तर वर येणारी मळी पाण्यात मिसळून जाते. गार पाणी हळूहळू तापलं की ती फेसासारखी वर जमते आणि डावाने काढून टाकता येते. पहिली उकळी फुटायच्या आधी दोन-तीनदा ती काढा. मग आच इतकी कमी करा की टोपाच्या एका कडेला अधूनमधून बुडबुडा यावा. त्यात अर्धा कांदा आणि चार मिऱ्या पुरे. मीठ घालू नका, कारण हे पाणी आटणार आहे. पाऊण तासाने गाळून घ्या. सव्वा लिटरच्या आसपास उरेल. बोटांना किंचित चिकट लागलं की समजा हाडांतला चीक उतरला. रश्शाचा दाटपणा अर्धा इथेच तयार होतो.

गाळलेल्या हाडांवरचं मांस काढून घ्या. ते रश्शात सोडा नाहीतर मुलांच्या भातात कालवा.

वाटप

हाडं उकळत असताना वाटप भाजायला घ्या. सागोती बिघडते ती बहुतेकदा इथे, आणि कारण एकच असतं: घाई. चारही जिनसा एका कढईत एकदम टाकल्या की खोबरं करपतं तेव्हा कांदा अजून कच्चाच असतो.

जाड बुडाची कढई घ्या. आधी कोरडे मसाले: धणे, बडीशेप, लवंग, मिरी, दालचिनी. मंद आचेवर दीड-दोन मिनिटं, वास सुटला की ताटलीत. खसखस शेवटच्या वीस सेकंदांना टाका, ती लगेच तडतडते. मग किसलेलं सुकं खोबरं, तेल न घालता. ते सारखं हलवत राहायचं. आधी पांढऱ्याचं पिवळसर होतं, मग भाजल्या शेंगदाण्याच्या सालीसारखं तांबूस. तिथे थांबा. कढई तापलेलीच असते, त्यामुळे गॅस बंद केल्यावरही खोबरं आणखी एक छटा गडद होतं. म्हणून ते कढईत न ठेवता लगेच ताटात पसरा. काळे ठिपके दिसले तर ते खोबरं टाकून द्या आणि नवीन भाजा. साठ ग्रॅम खोबरं वाचवायला जाल तर अख्खा टोप कडू होईल. हा कडूपणा नंतर गुळाने जात नाही आणि नारळाच्या रसानेही जात नाही.

त्याच कढईत दोन मोठे चमचे तेल घालून उभा चिरलेला कांदा परता. पंधरा मिनिटं लागतातच. कडा तांबूस होऊन कांदा आकसला पाहिजे. चूल पेटलेली असेल तर दोन कांदे सालासकट विस्तवात ठेवा. नारळाच्या सोडणांचा (वरच्या काथ्याच्या सालीचा) आणि करवंट्यांचा विस्तव यासाठी फार चांगला. साल पूर्ण काळी झाली आणि कांदा दाबल्यावर मऊ लागला की काढा, वरचे दोन पापुद्रे काढून टाका. आतल्या कांद्याला धुराचा वास लागलेला असतो, तो रश्शात स्पष्ट कळतो. गॅसवर जाळी ठेवूनही हे जमतं, वास मात्र निम्मा येतो.

कांदा तांबूस झाल्यावर त्यात लसूण आणि अर्ध्या नारळाचं खवलेलं ओलं खोबरं घाला, सुमारे १०० ग्रॅम. ओल्या खोबऱ्यातलं पाणी उडून ते मोकळं होईपर्यंत आणि फिकट तांबूस होईपर्यंत परता. सात-आठ मिनिटं. ओलं खोबरं कमी भाजलं तर रस्सा दुसऱ्या दिवशी लवकर आंबतो, हेही लक्षात ठेवा. उरलेला अर्धा नारळ रसासाठी राखून ठेवा.

सगळं पूर्ण गार झाल्यावर वाटा. मिक्सरमध्ये आधी मसाले आणि सुकं खोबरं कोरडंच फिरवा, मग कांदा-ओलं खोबरं आणि लागेल तसं हाडांचं पाणी. वाटप चिमटीत घेऊन अंगठ्याने चोळून पाहा. रवा लागला तर अजून फिरवा. लोण्यासारखं गुळगुळीत लागलं पाहिजे. जाडसर वाटपाचा रस्सा ताटात वाढल्यावर पाणी एकीकडे आणि चोथा एकीकडे होतो. पाटा-वरवंट्यावर वाटलेलं वाटप यात सरस ठरतं, कारण खोबऱ्यातलं तेल दगडाखाली चिरडून बाहेर येतं आणि तवंग चांगला सुटतो.

गोळे

कांदा अगदी बारीक चिरून चमचाभर तेलात मऊ होईपर्यंत परता आणि पूर्ण गार करा. कच्चा कांदा घालायचा मोह टाळा. मीठ लागताच तो पाणी सोडतो, ते पाणी खिम्यात साठतं, आणि उकळत्या रश्शात त्याची वाफ झाली की गोळ्याला भेग पडते. आलं, लसूण आणि मिरच्या पाणी न घालता ठेचून घ्या. कोथिंबीर धुतली असेल तर फडक्यात दाबून कोरडी करा. कच्ची पपई या खिम्याला अजिबात लावू नका. मटणाला ती चालते, इथे तिने खिम्याची पकडच सुटते.

आता फ्रीजमधून गार खिमा काढा, परातीत घ्या आणि त्यात आधी फक्त मीठ घाला. बाकी काही नाही. तळहाताने दाबून, पुढे ढकलून, गोळा करून पुन्हा दाबत तीन-चार मिनिटं मळा. सुरुवातीला खिमा सुटा असतो, दाणे वेगळे दिसतात. मिनिटभराने तो बोटांना चिकटू लागतो. तीन मिनिटांनी बोटं फाकवली की मधे बारीक तंतू ताणलेले दिसतात, आणि मूठभर खिमा तळहातावर थापून तळहात उपडा केला तरी खिमा पडत नाही. हीच खूण. मिठामुळे मांसातली प्रथिनं सुटून चिकट होतात, आणि शिजताना तीच आवळून गोळा धरून ठेवतात. मसाले, पीठ, तेल सगळं आधीच घातलं तर ही पकड नीट येत नाही, कारण मांसाच्या कणांमधे तेल आणि पीठ जाऊन बसतं.

खिमा हाताच्या उबेने गरम होऊ देऊ नका. कोकणातल्या मे महिन्यात हे सांगणं भाग आहे. परात अगोदर दहा मिनिटं फ्रीजमध्ये ठेवा, हात बर्फाच्या पाण्यात बुडवून पुसून घ्या. गरम झालेल्या खिम्यातली चरबी विरघळून हाताला लागते आणि गोळे शिजल्यावर कोरडे होतात.

चिकटपणा आला की परतलेला कांदा, ठेचा, मालवणी मसाला, हळद, कोथिंबीर, डाळ्याचं पीठ, खोबरं आणि तेल घाला. आता मळायचं नाही, फक्त बोटांनी मिसळायचं, मिनिटभर. डाळ्याचं पीठ इथे बांधण्यासाठी नाही. शिजताना सुटणारा रस ते धरून ठेवतं, म्हणून दोनच मोठे चमचे. डाळं घरी नसेल तर तेवढेच पातळ पोहे कोरडे भाजून पूड करून घ्या. बेसन कच्चट लागतं. अंडं घालायचंच असेल तर अर्धं घाला, पण त्याने गोळा थोडा कडक होतो, आणि वरची कृती नीट केली असेल तर ते लागतही नाही.

झाकून अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. मग हाताला तेलाचा पुसट हात लावून लहान लिंबाएवढे गोळे वळा, २५ ते ३० ग्रॅमचे. बावीस-तेवीस होतील. वळताना आधी तळहातावर दोनदा आपटून आतली हवा काढा, मग भेग दिसणार नाही असे गुळगुळीत वळा. मोठ्या लाडवाएवढे गोळे करू नका. ते आतून शिजेपर्यंत बाहेरून चामट होतात.

सगळे वळायच्या आधी एक गोळा थोड्या हाडांच्या उकळत्या पाण्यात शिजवून खाऊन पाहा. मीठ-तिखट तेव्हाच दुरुस्त करता येतं. तो फुटला तर उरलेला खिमा आणखी दोन मिनिटं मळा.

रस्सा

जाड बुडाचा रुंद टोप घ्या. अरुंद पातेल्यात गोळे एकमेकांवर चढतात. तेल तापल्यावर तमालपत्र आणि बारीक चिरलेला कांदा घाला, तांबूस करा. आच मंद करून मालवणी मसाला आणि हळद घाला आणि लगेच दोन मोठे चमचे हाडांचं पाणी शिंपडा. मसाला कोरड्या तेलात अर्धा मिनिट जरी जास्त राहिला तरी जळतो आणि लाल रंगाचा तपकिरी होतो. पाणी शिंपडून परतला की तेल लाल होऊन सुटतं. हाच पुढे तवंग म्हणून वर दिसणार आहे.

त्यात मुरवलेले तुकडे घालून मध्यम आचेवर सात-आठ मिनिटं परता. कोंबडीचं पाणी सुटून पुन्हा आटलं की बटाट्याच्या मोठ्या फोडी घाला आणि गाळलेलं हाडांचं पाणी कढत करून ओता. गार ओतलं तर उकळी मोडते आणि सगळं पुन्हा तापेपर्यंत फुकट वेळ जातो. झाकण ठेवून मंद आचेवर पंधरा मिनिटं शिजू द्या.

गावठी कोंबडी असेल तर बटाटा आत्ता नको. तिला आधी एकटीला तास-सव्वा तास मंद शिजवा, किंवा कुकरला चार-पाच शिट्ट्या द्या. तंगडीचं मांस हाडावरून मागे सरकलेलं दिसलं की पुढे जा. कुकरमध्ये वाटप कधीच घालू नका, ते बुडाला लागतं. आणि गोळे तर कुकरमध्ये मुळीच नाहीत.

आता वाटप घाला. वाटपाचं भांडं अर्धी वाटी गरम पाण्याने विसळून तेही ओता. सुरुवातीची पाच मिनिटं बुडापासून हलवत राहा. मग मीठ बघा. तुकड्यांत आणि गोळ्यांत मीठ आहे, तेव्हा रश्शाला साधारण एक चमचा लागेल, पण आत्ता अर्धाच घाला. रस्सा आटायचा आहे.

कोकम किंवा टोमॅटो घालायची कुणाच्या घरी पद्धत असेल तर बटाटा पूर्ण शिजल्यावरच घाला. आंबटात बटाटा मऊ व्हायला फार वेळ घेतो. रश्शात कोकम नको आणि सोबत सोलकढी असू दे, असं आमचं स्पष्ट मत आहे.

गोळे सोडताना

वाटप घालून दहा मिनिटं झाली, बटाट्यात सुरी शिरू लागली, की आच कमी करा. रस्सा खळखळत असता कामा नये. कडेने बारीक बुडबुडे येत आहेत आणि मधला भाग फक्त थरथरतोय, अशा वेळी गोळे एकेक करून, रश्शाला अगदी जवळ हात नेऊन, कडेकडेने सोडा. उंचावरून टाकले तर बुडावर आपटतात. दोन खेपांत सोडा. सगळे एकदम सोडले तर रस्सा गार होतो, गोळ्यांची वरची बाजू आवळायला उशीर होतो आणि ते पसरतात.

पहिली पाच मिनिटं डाव टोपात घालायचा नाही. हलवायचंच असेल तर फडक्याने टोपाची कड धरून टोप हलकेच गोल फिरवा. गोळे पांढरट होऊन वर तरंगू लागले की धोका टळला. मग झाकण अर्धं ठेवून आणखी सात मिनिटं. एकूण बारा मिनिटांत हे गोळे शिजतात. एक कापून पाहा: आत सगळीकडे सारखा रंग, आणि दाबल्यावर निघणारा रस पारदर्शक हवा. स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर मध्यभागी ७४ अंश सेल्सिअस बघा. पंधरा-वीस मिनिटांवर उकळू दिले तर मात्र प्रथिनं इतकी आवळतात की आतला रस पिळून निघतो, गोळा लहान होतो आणि चावताना करकरतो.

गोळे आधी तव्यावर तांबूस करून रश्शात सोडायचीही एक रीत आहे. त्याने भाजल्याची चव येते आणि फुटायची भीती उरत नाही, पण वरची पापडी रस्सा आत घेत नाही. भाकरीबरोबर सुका रस्सा करायचा असेल तर तसं करा. पातळ सागोतीला कच्चे सोडलेलेच चांगले.

शेवटी नारळाचा रस. उरलेल्या अर्ध्या नारळाच्या खोबऱ्यात अर्धी वाटी कोमट पाणी घालून वाटा आणि घट्ट पिळा. कोमटच, कारण खोबऱ्यातलं स्निग्ध गार पाण्यात नीट सुटत नाही. हा जाड रस आच बंद करायच्या दोन मिनिटं आधी घाला आणि नंतर उकळी येऊ देऊ नका. उकळला की तो फाटतो, रश्शात दह्यासारख्या कण्या दिसतात. झाकून दहा मिनिटं टोप तसाच ठेवा. तेवढ्यात तवंग वर येतो आणि गोळ्यांत रस मुरतो. कोथिंबीर वाढताना.

बिघडलं तर

गोळे फुटायलाच लागले तर आच लगेच बंद करा, दहा मिनिटं हात लावू नका, मग झाऱ्याने शाबूत गोळे वेगळे काढा. फुटलेला खिमा रश्शात राहू द्या. रस्सा दाट होईल, वाया काही जात नाही.

रस्सा खारट झाला तर बटाटा घालून तो मीठ शोषतो असं म्हणतात. बटाटा रश्शाचं पाणी पितो, त्यातलं मीठही त्याच प्रमाणात पितो, उरलेला रस्सा तेवढाच खारट राहतो. त्यापेक्षा बिनमिठाचं हाडांचं पाणी वाटीभर बाजूला काढून ठेवत जा आणि ते घाला. तिखट झालं तर साखर नको, नारळाचा रस आणखी अर्धी वाटी घाला. पाणचट झालं तर गोळे आणि तुकडे काढून नुसता रस्सा मोठ्या आचेवर आटवा. रसात कण्या दिसल्या तर गोळे बाहेर काढून रस्सा जोरात फेटा, चवीत काही फरक पडत नाही. तवंग आला नाही तर मसाला कमी तेलात पडला होता. चमचाभर तेलात अर्धा चमचा बेडगीची पूड मंद आचेवर घालून ते वरून ओता.

वाढताना आणि उरलं तर

फुगलेल्या मालवणी वड्यांबरोबर वाढायचं असेल तर रस्सा थोडा दाट ठेवा, म्हणजे वड्याच्या पोकळीत तो धरून राहतो. घावणे आणि आंबोळी रस्सा पितात, त्यांना पातळ हवा. उकड्या तांदळाच्या भातावर तर आणखी पातळ, वाटीभर कढत पाणी घालून. ताटात प्रत्येकी तीन-चार गोळे, एक तुकडा, बटाट्याची फोड आणि कच्चा कांदा.

खोबऱ्याचा रस्सा दमट हवेत लवकर आंबतो. जेवण झाल्यावर टोप रात्रभर ओट्यावर ठेवू नका. दोन तासांच्या आत लहान डब्यांत काढून फ्रीजमध्ये ठेवा. मोठा टोप तसाच आत ठेवला तर मधला भाग तासन्‌तास कोमट राहतो. दोन दिवसांत संपवा. गरम करताना गोळे आणि तुकडे काढून आधी रस्सा चांगला उकळू द्या, मग त्यात गोळे आणि तुकडे सोडून तेही आतपर्यंत कढत होऊ द्या. आता रस किंचित फाटेल, ते चालतं. पावसात वीज दिवसदिवस जाते तिथे आधीच विचार करून नारळाचा रस फक्त लागेल तेवढ्या रश्शात घाला.

गोळे जास्तीचे करायचे असतील तर कच्चेच ताटात वेगवेगळे मांडून फ्रीजरमध्ये कडक होऊ द्या, मग पिशवीत भरा. महिनाभर चांगले राहतात. वापरताना रात्रभर फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ठेवून सैल करा आणि त्यातून सुटलेलं पाणी फडक्याने टिपून घ्या. बटाटा घातलेला रस्सा मात्र फ्रीजरमध्ये ठेवू नका, बटाट्याची दाणेदार चिखलासारखी अवस्था होते. फ्रीजरसाठी रस्सा करायचा असेल तर बटाट्याविना करा आणि फोडी त्या दिवशी वेगळ्या उकडून घाला.